आठ जणांची एक तारीख : कमी पैशांत आठ पात्रांचा विनोदी चित्रपट

रोजच्या जगण्यावरच्या, सात-आठ सारख्याच वजनाच्या पात्रांच्या विनोदी चित्रपटाचं बजेट मांडायला बसलं की बहुतेक जण आधी कॅमेऱ्याचं भाडं विचारतात. कॅमेरा आता स्वस्त झालाय. महाग आहे ते आठ नटांनी एकाच दिवशी, एकाच वेळी, एकाच जिन्यात उभं राहणं. एकाची मालिका चालू असते, एकीचे नाटकाचे प्रयोग लागलेले असतात, एकाला बँकेतून रजा मिळत नाही. म्हणून लेखनापासून जेवणाच्या पानांपर्यंतचा हिशेब ‘सगळे एकत्र’ असलेल्या प्रसंगांपासून सुरू करायचा. बाकीचं त्यामागून येतं.

उदाहरणासाठी पुढे एकच गोष्ट धरली आहे. लिफ्ट नसलेली चार मजली सोसायटी, सोळा बिऱ्हाडं, पाण्याची मोटर जळालेली आणि तोंडावर वार्षिक सर्वसाधारण सभा. लांबी 95 मिनिटं, चित्रीकरण 18 दिवस.

लिहिताना: माणसं आठ, भानगड एक

सामूहिक गोष्टीत प्रत्येकाला वेगळी कहाणी दिली की चित्रपट आठ तुकड्यांची गोधडी होतो. भानगड एकच ठेवा आणि त्या भानगडीतून प्रत्येकाला हवं असलेलं वेगळं ठेवा. मोटर जळालीय. सेक्रेटरीला नवी मोटर घ्यायचीय, कारण कोटेशन त्याच्या मेव्हण्याचं आहे. खजिनदाराला जुनीच रिवाइंड करून हवीय. चौथ्या मजल्यावरच्या आजींना पाणी नको, लिफ्ट हवीय. भाडेकरू मुलाला मत नाही, पण मोटरचं काम फक्त त्यालाच कळतं. कागदावर आठ रकाने आखा आणि प्रत्येकात एक ओळ लिहा: याला काय हवंय आणि ते कोणामुळे अडलंय. ज्याचा रकाना भरत नाही तो दुसऱ्या कुणात मिसळून टाका. एक पात्र कमी झालं की अठरा दिवसांच्या तारखा, कपडे, प्रवास आणि एक लेपल माइक (कपड्यांत लावायचा छोटा माइक) वाचतो.

आठातले निदान दोघे अजिबात विनोदी नकोत. सगळेच मिश्कील बोलू लागले की हसायचं कुणाकडे पाहून, हे प्रेक्षकाला कळत नाही. नियम गंभीरपणे वाचून दाखवणारा माणूस असला तरच बाकीच्यांचा गोंधळ उठून दिसतो. आणि सोसायटीच्या उपविधींइतका तयार मसाला दुसरीकडे मिळणार नाही. 30 सप्टेंबरच्या आत वार्षिक सभा घ्यायची, गणपूर्ती झाली नाही की सभा तहकूब करायची, आणि अर्ध्या तासाने तीच माणसं त्याच खुर्च्यांवर बसली की सभा कायदेशीर. हे जसंच्या तसं दाखवलं तरी पुरतं. वर फोडणी घालू नका.

आठ चेहरे पहिल्या दहा मिनिटांत कुणाच्या लक्षात राहत नाहीत. पहिल्या जमावात तिघांनाच बोलू द्या, बाकीचे नुसते दिसू द्यात, मग एकेकाला त्याच्या घरात गाठा. नावं वेगवेगळ्या अक्षरांनी सुरू करा. सुधीर, सुनील आणि सुरेश एका सभेत बसले की संकलकही चुकतो. बोलीचा वापर करायचा तर त्या भागातला नट घ्या. वऱ्हाडी किंवा मालवणी हेल चिकटवलेला असला की अकोला-कुडाळचा प्रेक्षक पहिल्या वाक्याला उठतो.

गोष्टीतला काळ आवळा. गुरुवार ते रविवार, चार दिवस. आठ पात्रांचे चार-चार पोशाख म्हणजे 32 जोड. तीच गोष्ट तीन महिन्यांत पसरवली तर कपडे, दाढ्या आणि झाडांची पानं सगळंच सांभाळावं लागेल. पाण्यात भिजणारे कपडे मात्र दोन-दोन जोड हवेत, नाहीतर दुसरा टेक दोन तासांनी होतो.

ब्रेकडाऊन: दिवस कसे मोजायचे

पटकथेचं एक पान म्हणजे एक मिनिट हा ठोकताळा देवनागरीत आणि विनोदात हमखास फसतो. सगळ्यांना बसवून मोठ्याने वाचा आणि प्रत्येक प्रसंग घड्याळावर मोजा. मग प्रसंगांचे तीन ढीग करा. आपल्या उदाहरणात 72 प्रसंग आहेत: आठही जण असलेले 9 (26 मिनिटं), चार-पाच जणांचे 21 (30 मिनिटं), दोघा-तिघांचे 42 (39 मिनिटं). प्रत्येक ढिगाला सहा दिवस. म्हणजे जमावाच्या दिवशी साडेचार मिनिटंही निघत नाहीत आणि दोघांच्या दिवशी साडेसहा निघतात. हे प्रमाण उलटं धरलेलं शेड्यूल तिसऱ्या दिवशी कोसळतं.

आता नटांचे दिवस मोजा. पटकथेच्या क्रमाने चित्रीकरण केलं तर आठही जण रोज लागतात: 8 गुणिले 18, म्हणजे 144. ढिगांप्रमाणे केलं तर पहिले सहा दिवस आठ जण (48), पुढचे सहा दिवस पाच (30), शेवटचे सहा दिवस चार (24). एकूण 102. एकही प्रसंग न कापता 42 मानधन-दिवस वाचले. जमावाचे सहा दिवस आधीच घ्या. शेवटी ठेवले की कुणाची तरी तारीख हमखास सरकते, आणि तोपर्यंत पैसेही संपलेले असतात. एकोणिसावा दिवस राखीव म्हणून मानधनासकट बजेटात लिहा.

महिना निवडताना आकाशाइतकंच पंचांग आणि शाळेचं वेळापत्रक पाहा. नोव्हेंबर ते जानेवारी उजेड चांगला असतो, पण लग्नाच्या तारखांना शेजारच्या हॉलचा बँड ऐकू येतो. फेब्रुवारी-मार्चमध्ये दहावी-बारावीची पोरं असलेली सोसायटी जिन्यात लाइट लावू देत नाही, आणि तिचं बरोबरच आहे. एप्रिल-मेमध्ये कोकीळ ओरडतो. ऐकायला गोड, पण मास्टरमध्ये (पूर्ण प्रसंगाच्या रुंद शॉटमध्ये) आहे आणि क्लोजमध्ये (एकाच चेहऱ्याच्या जवळच्या शॉटमध्ये) नाही, म्हणून प्रत्येक कटला जोड दिसतो. गणपतीत ढोल. आतल्या संवादांचं काम आठवड्याच्या मधल्या दिवशी सकाळी दहा ते पाच या वेळात घ्या. रविवारी सगळे घरी असतात आणि सगळ्यांचे मिक्सर चालू असतात.

नट कुठून आणायचे

राज्य नाट्य स्पर्धेची केंद्रं, पुरुषोत्तम करंडक, सवाई एकांकिका इथून बाहेर पडलेल्या नटांना घोळक्यात काम करायची सवय असते आणि दुसऱ्याच्या वाक्यावर ते जिवंत राहतात. सामूहिक चित्रपटाला हाच गुण लागतो. स्पर्धांच्या तारखा मात्र शेड्यूलशी ताडून घ्या. पुरुषोत्तम ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये रंगते आणि सवाईची रात्र 25 जानेवारीची. त्या दिवसांत या मंडळींना बोलावून उपयोग नाही.

रंगभूमीवरच्या नटाचा आवाज शेवटच्या रांगेसाठी तयार झालेला असतो. दहा बाय बाराच्या खोलीत तो माइकमध्ये फाटतो आणि चेहराही दुप्पट हलतो. ‘कमी कर’ म्हटलं की नट विझतो. त्याऐवजी त्याला हातात काम द्या: पावत्या लावणं, मटार सोलणं, नळाला वायसर बसवणं. हात गुंतले की आवाज आपोआप खाली येतो.

तालीम किमान आठ दिवस, त्यातली शेवटची दोन प्रत्यक्ष जागेत. कुठला विनोद कुठल्या तालमीत कसा उतरला, ते सहायकाने लिहून ठेवायचं. हे महत्त्वाचं आहे, कारण सेटवर सहाव्या टेकला युनिट हसायचं थांबतं आणि दिग्दर्शकाला वाटतं वाक्यच पडलंय. तो ते बदलतो आणि चांगला विनोद जागेवर मरतो. वही उघडा, तालमीत जमलेली लय पाहा, तीच मागा.

लहान मूल असेल तर कायदा स्पष्ट आहे. जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते, दिवसाला पाच तासांहून जास्त काम नाही, सलग तीन तासांहून जास्त नाही, आणि मानधनातला किमान 20 टक्के भाग मुलाच्या नावे मुदत ठेवीत. म्हणजे त्या मुलाचे जमावातले शॉट्स सकाळीच उरकायचे.

जागा

एकच इमारत शोधा जिच्यात रिकामी घरं आहेत. पुनर्विकासाला निघालेल्या, अर्ध्या मोकळ्या झालेल्या सोसायट्या उत्तम, कारण तिथे आठही पात्रांची घरं दोन-तीन फ्लॅटांत उभी करता येतात. पडदे, भिंतीचा रंग, देवघर आणि दारावरची पाटी बदलली की घर बदलतं. भिंती पांढऱ्याशुभ्र ठेवू नका. फिकट हिरवा, मोतिया किंवा जुना पिवळट रंग चेहऱ्यामागे शांत बसतो. पांढरी भिंत चेहऱ्याआधी उजळते.

घरमालकाशी लेखी करार, सोसायटीच्या कमिटीचं ठरावासह पत्र, आणि रस्त्यावर उतरायचं असेल तर गोरेगावच्या चित्रनगरीमार्फत चालणाऱ्या एक खिडकी योजनेतून परवानगी. तोंडी ‘करा हो’ हे पहिल्या दिवसापुरतंच टिकतं.

विजेचं गणित साधं आहे. 15 अँपिअरच्या सॉकेटवर सैद्धांतिक मर्यादा साडेतीन किलोवॉटच्या आसपास. जुन्या वायरिंगवर दोनच्या पुढे जाऊ नका. साध्या लहान सॉकेटवर एक किलोवॉटच्या आत. 300 वॉटचे चार-पाच एलईडी मोठ्या सॉकेटच्या या दोन किलोवॉटांत बसतात आणि जनरेटरचा खर्च नि आवाज दोन्ही टळतात. गीझर-एसी बंद आहेत ना, ते घरभर फिरून पाहा.

कॅमेरा आणि जमावाचा प्रसंग

आपल्याकडची वीज 50 हर्ट्झची, म्हणून चुकीच्या शटरला दिवे लुकलुकताना दिसतात. शटर 1/50 ठेवा; सेकंदाला 24 फ्रेम असतील आणि शटर कोनात मोजत असाल तर 172.8 अंश. तरीही घरातले स्वस्त एलईडी बल्ब लुकलुकू शकतात. प्रत्येक दिवा आदल्या दिवशी कॅमेऱ्यातून तपासा आणि दिसणारे सगळे दिवे एकाच रंगछटेचे बसवा.

प्रकाश खिडकीबाहेरून आणि छतावर आपटून द्या. खोलीत स्टँड नकोत. चेहऱ्यागणिक सुंदर प्रकाशयोजना केली तर आठ जणांच्या प्रसंगाला आठदा लाइट हलवावे लागतात. कॅमेरा कुठेही वळला तरी चालेल असा एकच मऊ प्रकाश थोडा साधा दिसतो, पण दिवसाचे तीन तास देतो. रोजच्या जगण्यावरच्या विनोदाला तो शोभतोही. मागचा माणूस धूसर करायचा मोह इथे टाळा. सामूहिक विनोदात मागच्याचा चेहराच बहुधा कामाचा असतो, म्हणून अ‍ॅपर्चर 5.6 च्या आसपास.

आता सभेचा चार मिनिटांचा प्रसंग. प्रत्येक वाक्याला प्रत्येकाचा क्लोज घ्यायचा ठरवलं तर दीड दिवस जातो आणि संकलनात अर्धे क्लोज पडून राहतात. त्याऐवजी असा क्रम लावा. आधी पूर्ण प्रसंगाचा मास्टर, सुरुवातीपासून शेवटपर्यंत, न थांबता. मग समोरासमोरच्या दोन कोनांतून तिघा-चौघांचे गट, तेही पूर्ण लांबीचे. मग ज्यांचं मन प्रसंगात बदलतं अशा दोघा-तिघांचेच क्लोज. शेवटी कुणीही न बोलता ऐकणाऱ्यांचे चेहरे: प्रत्येकी पंधरा सेकंद, समोरून सहायक वाक्यं वाचतोय, नट नुसता ऐकतोय. हे शेवटचे, सगळे मिळून दोन मिनिटांचे तुकडे थकव्याने गाळले जातात आणि संकलनात नेमके तेच लागतात. हशा बोलणाऱ्यावर कमी येतो, ऐकणाऱ्याच्या तोंडावर जास्त.

दुसरा कॅमेरा भाड्याने घ्यायचा तर फक्त या सहा दिवसांसाठी. दोघांच्या प्रसंगात तो बूमच्या (लांब दांडीवरच्या माइकच्या) वाटेत येतो, बाकी काही करत नाही.

लुकचा, म्हणजे कोण कुठल्या बाजूला पाहतो याचा, घोळ जमावात सगळ्यात जास्त. खुर्च्यांना क्रमांक द्या, जमिनीवर पायांच्या खुणा टेपने करा, आणि एका कागदावर खोली वरून काढा. प्रत्येक क्लोजआधी त्या कागदावर पाहा: हा क्रमांक 3 क्रमांक 7 शी बोलताना कॅमेऱ्याच्या डावीकडे पाहतो की उजवीकडे? तोंडी ठरवलं की तिसऱ्या सेटअपला (कॅमेरा तिसऱ्यांदा हलवून मांडला की) वाद होतो. सभेत कुणी उठून जागा बदलणार असेल तर मास्टरमध्येच ते चालणं दिसू द्या, म्हणजे नजरांची नवी रेषा प्रेक्षकाच्या डोळ्यांदेखत पडते.

खाण्याचं सोंग वेगळंच. समजा सभेत पोहे आहेत. पाच सेटअप, प्रत्येकी चार टेक, आठ बश्या: 160 बश्या पोहे, आणि ते तासाभरात वाळून दगड होतात. दोघांनाच खाऊ द्या, बाकीच्यांच्या बश्या रिकाम्या करून बाजूला ठेवा. चिवडा आणि पापड दृश्यात असले तरी संवादावेळी तोंडात नकोत, त्यांची कुरकुर माइक सगळ्यांत आधी उचलतो. शिरा बिनआवाजाचा. चहा स्टीलच्या पेल्यात द्या. काचेच्या ग्लासातली पातळी प्रत्येक कटला वर-खाली होते. घोट कुठल्या शब्दावर घ्यायचा ते नटाच्या संवादातच लिहून ठेवा.

आवाज

डबिंगचे पैसे नाहीत आणि आठ नट पुन्हा स्टुडिओत येणारही नाहीत. त्यात डबिंगमध्ये विनोदाची लय पहिली मरते. म्हणून जागेवरचाच आवाज, आणि त्यासाठी कॅमेऱ्याच्या बजेटातून पैसे काढावे लागले तर काढा.

आठ जणांना दोन बूम आणि पाच-सहा लेपल पुरतात. कॅमेऱ्याकडे पाठ असलेल्याला आणि बूम पोचत नाही अशा लांबच्या माणसाला लेपल आधी. सिंथेटिक साडी, कडक इस्त्रीचा कॉटनचा सदरा, मंगळसूत्र, बांगड्या हे लेपलचे शत्रू. वेशभूषा ठरतानाच ध्वनीवाल्याला बोलवा. शूटच्या सकाळी साडी बदलायला लावली तर भांडण होतं.

मास्टरमध्ये माणसं खुशाल एकमेकांच्या वाक्यावर चढू द्या, सभेची मजा त्यातच आहे. क्लोजमध्ये मात्र एका वेळी एकच आवाज. समोरच्याचं अर्धं वाक्य क्लोजवर सांडलं की तो तुकडा दुसरीकडे जोडता येत नाही. गलका नंतर संकलक चढवेल. त्यासाठी प्रत्येकाची वाक्यं एकेकट्याने, कॅमेरा बंद ठेवून, रेकॉर्ड करून घ्या.

शॉटआधी पंखे, फ्रीज आणि भिंतीवरची टिकटिक बंद. फ्रीज पुन्हा चालू करायला विसरलं की दुसऱ्या दिवशी घरमालकिणीचं आंबलेलं दूध युनिटच्या नावावर जातं. युक्ती अशी की परतीच्या गाडीची किल्ली फ्रीजमध्येच ठेवायची. भांड्यांच्या ओट्यावर, खुर्च्यांच्या पायांखाली फडकी घाला. प्रत्येक खोलीत सगळ्यांनी गप्प उभं राहून एक मिनिट नुसती शांतता रेकॉर्ड करा. टीव्ही-रेडिओवर खरं गाणं चालू ठेवू नका, त्याचे हक्क घ्यावे लागतात. बातम्यांचा मजकूर स्वतः लिहून वाचून घ्या.

रोजचा कारभार

तांत्रिक मंडळी वीस, नट आठ, आणि दोन पानं जास्तीची, कारण कमिटीतलं कुणी ना कुणी जेवायच्या वेळी येतंच. माणशी 400 रुपये धरले तर दिवसाचे 12,000, अठरा दिवसांचे 2,16,000. इथे काटकसर करू नका. रोज तीच बटाट्याची भाजी आली की पाचव्या दिवसापासून कॉल टाइम (सेटवर हजर व्हायची वेळ) घसरतो. वीस जणांत एक माणूस फक्त कंटिन्युइटीचा, म्हणजे कपडे-वस्तू-हालचाली शॉटागणिक जुळतात ना ते पाहणारा, हवा. हे काम दुसऱ्या सहायकाच्या डोक्यावर टाकलं की दोन्ही बिघडतात.

डेटा: रोज अडीच तास फुटेज, अठरा दिवसांचे 45 तास. 200 मेगाबिट प्रतिसेकंद दराने तासाला 90 जीबी, म्हणजे एकूण साधारण 4 टीबी. तीन प्रती, त्यातली एक दुसऱ्या घरात. प्रत झाल्यावर ती उघडून पाहिल्याशिवाय कार्ड पुसायचं नाही.

संकलन

पहिली जुळणी दोन तासांच्या वर जाईल. सगळ्यात आधी दारं कापा. ‘या, बसा, चहा घेणार?’ हे मराठी पटकथेतलं सगळ्यात लांबलेलं वाक्य आहे. माणूस आत आलेलाच दाखवा.

विनोद जमतोय का, हे युनिटला विचारू नका. कुणालाच न ओळखणारे पंधरा-वीस जण बसवा, खोलीचा आवाज फोनवर रेकॉर्ड करा आणि ती ध्वनिफीत टाइमलाइनवर चित्रपटाखाली लावा. हशा कुठे आला, कुठे येता येता पुढच्या वाक्याने दाबला, ते दिसेल. जिथे दाबला तिथे ऐकणाऱ्याचा चेहरा 24 ते 36 फ्रेम (एक-दीड सेकंद) जास्त धरा. घरी एकट्याने पाहणाऱ्याला ही जागा रिकामी वाटू शकते. म्हणून तिथे चेहरा काहीतरी करत असलेलाच निवडा. ही चाचणी दोनदा करा, दुसऱ्यांदा नवी माणसं घेऊन.

प्रमाणपत्र आणि पुढे

शीर्षकाची नोंदणी लवकर करा. सेन्सॉरचा अर्ज ई-सिनेप्रमाण पोर्टलवर जातो, आणि आता यूए गटाचे 7+, 13+, 16+ असे तीन भाग आहेत. पात्र विडी ओढत असेल तर सुरुवातीला आणि मध्यंतरानंतर तंबाखूविरोधी संदेश आणि त्या दृश्यावर ठळक इशारा लागतो. सोसायटीच्या जिन्यातलं मांजर किंवा गच्चीवरचा पोपट दाखवायचा असेल तर भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाची परवानगी चित्रीकरणाआधी घ्यावी लागते; नंतर धावाधाव करण्यापेक्षा मांजराचा फक्त आवाज ठेवलेला परवडतो. राज्य शासनाच्या मराठी चित्रपट अनुदान योजनेचा विचार असेल तर खर्चाची बिलं पहिल्या दिवसापासून तारखेनिशी फायलीत लावा.

इंग्रजी सबटायटल संवादलेखकाला शेजारी बसवून करा, कारण ‘तहकूब’चा विनोद शब्दकोश वाचवू शकत नाही. आणि पोस्टरचा फोटो. आठही जण, पूर्ण वेशभूषेत, जिन्यात, चांगल्या कॅमेऱ्याने, उभा आणि आडवा दोन्ही चौकटींत. तो पहिल्या सहा दिवसांतच, जेवणाच्या सुट्टीआधी काढा. जेवणानंतर एकाचा सदरा भाजीने पिवळा झालेला असतो, आणि सातव्या दिवसापासून ते आठ जण पुन्हा एकत्र येत नाहीत.